वेलांटी आधी, अक्षर नंतर

'चांदोबा' हा शब्द शंभू एकदाच म्हणाला. तेव्हा तो दीड वर्षाचा होता. गच्चीवर माझ्या सासऱ्यांच्या कडेवर बसला होता. बोट वर केलं आणि अगदी स्पष्ट म्हणाला, 'चांदोबा'. आम्ही सगळे धावत वर गेलो. 'परत म्हण, परत म्हण' करत त्याच्या मागं लागलो. त्यानं तोंड उघडलं, मिटलं, जीभ जराशी बाहेर काढली, ओठ इकडंतिकडं हलवले, आणि शेवटी आजोबांच्या खांद्यात तोंड लपवलं. त्यानंतर दोन वर्षं चंद्र दिसला की तो फक्त बोट दाखवायचा आणि 'अं' म्हणायचा.

मी टायपिस्ट आहे. मंगळवार पेठेत आमचं छोटं दुकान आहे. प्रतिज्ञापत्रं, करारनामे, लग्नपत्रिका, वाढदिवसाचे फलक, जे येईल ते करते. (इथं 'करते' लिहिलंय, घरात मी 'करतो'च म्हणते. कोल्हापूरच्या बायकांना हे वेगळं सांगायला नको.) माझा धंदा सांगायचं कारण पुढं येईल.

शंभूला सगळं कळायचं. 'आजोबांचा चष्मा टीव्हीमागं पडलाय, तो आण' म्हटलं की आणायचा. हसायचा, चिडायचा, लपाछपी खेळायचा, मांजराला खायला द्यायचा. शब्द मात्र तीन-चारच, आणि तेही धड नाहीत. पाणी सकाळी 'आनी', दुपारी 'बाई', संध्याकाळी 'पा' आणि कधीकधी नुसतंच 'ई'. पाळण्यात असतानाही तो फारसा 'बाबाबा, मामामा' करत नव्हता. तेव्हा आम्ही कौतुकानं म्हणायचो, किती शहाणं बाळ, रडत नाही, ओरडत नाही.

घरात प्रत्येकाकडं औषध होतं. आत्यांनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, वेखंड उगाळून जिभेला लावलं. शेजारच्या काकींनी पोपटानं खाल्लेला पेरू आणून दिला. पोपटानं तो कुठं खाल्ला होता, देव जाणे. ह्यांचं म्हणणं, 'मी पण चार वर्षांचा होईपर्यंत मुका होतो, आता बघ.' मामा म्हणजे सासरे, ते एकटे काही बोलत नव्हते. आत्या म्हणायच्या, 'पोरगं हाय ते, पोरी लवकर बोलत्यात, पोरं उशिरा. बोलंल की!' मलाही ते ऐकायला बरं वाटायचं, खोटं कशाला सांगू?

अंगणवाडीत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक तपासणीला येतं. त्यातल्या डॉक्टरबाईंनी पहिल्यांदा सांगितलं, थांबू नका, आधी कान तपासून घ्या. तेव्हा तो सव्वादोन वर्षांचा होता. कानाच्या डॉक्टरांनी जीभ उचलून बघितली, खालची शीर ठीक आहे म्हणाले, कापायची गरज नाही. मग बेरा नावाची तपासणी. मूल झोपलेलं असताना कपाळाला आणि कानामागं तारा चिकटवतात, कानात टकटक आवाज सोडतात आणि मेंदूपर्यंतच्या नसा त्याला कसा प्रतिसाद देतात ते यंत्रावर बघतात. मुलाला रात्री उशिरापर्यंत जागवा आणि पहाटे उठवा, म्हणजे तिथं आल्यावर झोपेल, असं सांगितलं होतं. आम्ही रात्री एक वाजेपर्यंत जागवला आणि पहाटे पाचला उठवून गाडीवरून रंकाळ्याला दोन फेऱ्या मारल्या. तपासणीच्या खोलीत पोचलो तर हा टक्क जागा, आणि ह्यांना खुर्चीत डुलकी लागलेली! शेवटी दुसऱ्या दिवशी परत गेलो. कान उत्तम निघाले.

मग वर्षभर आमची जी फरफट झाली ती थोडक्यात सांगते. एका ठिकाणी पाच मिनिटांत ऑटिझम म्हणून मोकळे झाले. तो त्यांच्या डोळ्याला डोळा लावून हसत होता, तरीही. दुसऱ्या एका सेंटरवर सहा महिने घातले. तिथं शंभू फुगे फुगवायचा, शिट्टी वाजवायचा, मेणबत्ती विझवायचा, जिभेनं ओठावरचा मध चाटायचा. सहा महिन्यांनी तो मेणबत्ती विझवण्यात पटाईत झाला. शब्द होते तेवढेच.

सध्याच्या स्पीच थेरपिस्ट मॅडमकडं आलो तेव्हा तो तीन वर्षं चार महिन्यांचा होता. पहिला दिवस मला लख्ख आठवतो, कारण त्यांनी त्याला काहीच शिकवलं नाही. फुटाणे खायला दिले, स्ट्रॉनं ताक प्यायला दिलं आणि बघत बसल्या. मग चित्रं दाखवून एकेक शब्द तीनतीन वेळा म्हणून घेतला. मला वाटलं, ऐकू आलं नसेल म्हणून परत विचारतायत. त्या तिन्ही वेळी लिहून घेत होत्या. मग 'पापापा', मग 'पातापाता'. 'पापापा' कसंबसं जमलं. 'पाता'ला तो अडकला. ओठ मिटून थांबला, जबडा हलवत राहिला, जणू अंधारात बटण चाचपडतोय. मी त्याला मदत करायला गेले तर मॅडम म्हणाल्या, 'थांबा, हेच बघायचंय मला.'

आपल्याकडं न बोलणाऱ्या मुलाला तीनच शब्द आहेत: बोबडं, तोतरं, मुकं. शंभू ह्यातल्या एकातही बसत नव्हता. बोबडं मूल कावळ्याला रोज 'तावळा' म्हणतं. चूक ठरलेली असते, त्यामुळं घरच्यांना कळतं तरी. शंभूचा कावळा सोमवारी 'आवआ', मंगळवारी 'बाळा', बुधवारी नुसता 'का'. शिवाय त्याच्या व्यंजनांबरोबर स्वरही घसरायचे, 'दे'चं कधी 'दा' व्हायचं, कधी 'दी'. शब्द जितका लांब तितका गोंधळ जास्त. आणि त्याला हेल नव्हता. आमच्याकडं कुणी नुसतं 'काय करायलास?' विचारलं तरी परगावच्या माणसाला भांडण वाटतं, एवढा आमचा हेल. ह्याचं मात्र 'आ' वेगळं, 'ई' वेगळं, मधे फट, सगळं एका पट्टीत, यंत्रातून आल्यासारखं.

मॅडमनी त्याला नाव सांगितलं: चाइल्डहुड ॲप्रॅक्सिया ऑफ स्पीच. इंग्लंडमध्ये ह्यालाच व्हर्बल डिस्प्रॅक्सिया म्हणतात. अमेरिकेतल्या वाचा आणि श्रवण तज्ज्ञांच्या संघटनेनं, म्हणजे आशानं, 2007 मध्ये ह्याच्या तीन खुणा सांगितल्या. एक, तोच शब्द परत म्हणताना चुका बदलत राहणं. दोन, एका ध्वनीवरून दुसऱ्यावर जाताना लांबण लागणं, तुटणं. तीन, बोलण्याचा हेल आणि ठोका चुकणं. वर मी जे रडगाणं गायलं ते ह्या तीन ओळीत मावत होतं. हजारात एक-दोन मुलांना हे असावं असा अंदाज आहे. रक्ततपासणीत किंवा एमआरआयमध्ये हे सापडत नाही, जाणकार माणसानं बसून ऐकावं लागतं. आणि मूल काहीतरी बोलायला लागल्याशिवाय पक्कं सांगता येत नाही. म्हणून मॅडमनी पहिल्या कागदावर 'शक्यता' एवढंच लिहिलं. दोन महिने थेरपीला तो कसा प्रतिसाद देतो ते बघून मग तो शब्द काढला आणि निदान पक्कं केलं.

'म्हणजे नेमकं बिघडलंय काय?' ह्यांनी विचारलं.

मॅडम म्हणाल्या, 'ओठाजिभेत ताकद आहे. फुटाणे चावतो, लाळ गळत नाही. स्नायू अशक्त असते तर खातानाही दिसलं असतं. शब्दही डोक्यात आहे. पण शब्द डोक्यात असणं आणि तोंडातून बाहेर पडणं ह्याच्या मधे एक काम असतं. ओठ कधी मिटायचे, जीभ कुठं लावायची, आवाज कधी सोडायचा, ह्याचा आराखडा. तुमच्याआमच्या मेंदूत तो आपोआप तयार होतो. ह्याला प्रत्येक वेळी नव्यानं करावा लागतो, आणि तो चुकतो.'

मामा पहिल्यांदाच बोलले. तरुणपणी तालमीत जायचे. 'म्हंजे अंगात रग हाय, पर डाव बसंना.'

मॅडमना ते इतकं आवडलं की त्यांनी वहीत लिहून घेतलं. मला मात्र ते खरं कळलं रात्री, दुकानात एक करारनामा टाइप करताना. मी शिकले ती जुन्या टाइपरायटरच्या पद्धतीनं, अजूनही कीबोर्ड तोच वापरते. त्यात पहिली वेलांटी अक्षराच्या आधी दाबावी लागते. 'पिशवी' म्हणताना प आधी येतो, इ नंतर. टाइप करताना वेलांटी आधी, प नंतर. (नव्या इनस्क्रिप्ट कीबोर्डवर शिकलेली पोरं ह्याला हसतात, त्यात अक्षर आधी आणि वेलांटी नंतर.) म्हणजे पहिलं बटण दाबायच्या आधीच हाताला पुढं काय येणार ते माहीत असावं लागतं. शिकताना मी महिनाभर अक्षरशः रडले होते. बोटं धडधाकट, मराठी माझी आईची भाषा, शब्द डोळ्यासमोर, तरी 'किती'चं 'कतिी' व्हायचं. आणि कधी कसं चुकेल ह्याचा नेम नव्हता. दुसऱ्या दिवशी मॅडमना हे सांगितलं तर त्या म्हणाल्या, 'बोलण्यात तर हे सारखंच चालतं. आरशात बघून "दूध" म्हणा.' मी म्हटलं. द जिभेचा आणि दाताचा, त्यात ओठांचं काही काम नाही. पण द उच्चारायच्या आधीच माझे ओठ ऊ साठी गोल झालेले होते. 'दार' म्हटलं तर नाही. चाळीस वर्षं बोलतेय, हे कधी बघितलं नव्हतं. तुम्हीही बघा.

फुगे आणि शिट्ट्या का वाया गेल्या, तेही त्याच दिवशी कळलं. फुंकणं हे वेगळं काम, त्याचा आराखडा वेगळा. नुसते बोटांचे व्यायाम करून कुणाला टायपिंग आलंय? बोलणं बोलूनच शिकावं लागतं.

आठवड्यातून तीन दिवस जायचं, अर्धाअर्धा तास. आठवड्यातून एकदा तासभर बसवण्यापेक्षा हे बरं, असं मॅडमनी पहिल्यांदाच बजावलं. दर खेपेला पाचशे रुपये. त्या वर्षी दुकानाचं नवं प्रिंटर राहिलं. मॅडम वापरतात ती पद्धत मेयो क्लिनिकच्या एडिथ स्ट्रँड ह्यांनी बसवलेली आहे, डीटीटीसी म्हणतात तिला. दिसायला अगदी साधी. समोरासमोर बसायचं. 'माझ्याकडं बघ.' आधी दोघांनी एकदम, सावकाश, स्वर लांबवत म्हणायचं. गरज पडली तर हनुवटीला, ओठाला बोट लावून वाट दाखवायची. जमायला लागलं की मॅडम आवाज बंद करून नुसतं तोंड हलवणार. मग त्या आधी म्हणणार, तो मागून. मग मधे जरा थांबून. शेवटी प्रश्न विचारला की त्यानं आपणहून म्हणायचं. अडखळला की परत एक पायरी खाली. शब्द पाच-सहाच, पण एका बैठकीत शंभराच्या वर वेळा. आधी एकच शब्द सलग, तो बसला की दुसऱ्यांत मिसळून. चुकीचं शंभर वेळा घोकलं तर चुकीचंच पक्कं होतं, म्हणून चुकू द्यायचं नाही. चुकीच्या बोटाची सवय लागली की मोडायला काय त्रास होतो, ते कुठल्याही टायपिस्टला विचारा.

शब्द निवडताना घरात मोठी चर्चा झाली. मॅडमनी सांगितलं, त्याला रोज लागणारे शब्द द्या. फळांची नावं नकोत, ज्यानं काम होतं ते शब्द. आई, दे, चल, अजून, आणि नको. नाही म्हणता आलं की मुलाचं निम्मं रडणं थांबतं, असं त्या म्हणाल्या, आणि ते खरं निघालं. पण अडचण अशी की मी 'नको' म्हणते, आत्या 'नगं' म्हणतात, हे 'नक्को' म्हणतात. तुमच्या कानाला तो एकच शब्द असेल, तोंडाच्या दृष्टीनं ते तीन वेगळे आराखडे. मॅडम म्हणाल्या, कुठलाही घ्या, पण घरात सगळ्यांनी एकच. बैठक बसली. 'नको' जिंकलं. पुढचे तीन महिने सासूबाई दर वेळी 'नगं' म्हणून जीभ चावायच्या आणि 'नको, नको' अशी दुरुस्ती करायच्या. त्या नातवाएवढाच सराव करत होत्या.

आम्ही घरी बाराखडी घ्यायचो, तीही बंद झाली. सुटं 'क', सुटं 'ख' घोकून उपयोग नाही, अडतंय ते एका ध्वनीवरून दुसऱ्यावर जाताना. शिवाय आपली वर्णमाला घशातून सुरू होते. क वर्ग कंठ्य, मग टाळू, मूर्धा, दात, आणि सगळ्यात शेवटी ओठ. आपल्या पूर्वजांनी हे किती बारकाईनं लावलंय ते मला त्या खोलीत बसून समजलं. पण शंभूला समोरच्याचं तोंड बघून शिकायचं होतं, आणि क म्हणताना बाहेरून काही दिसत नाही. म्हणून आम्ही शेवटापासून सुरुवात केली. प, ब, म. त्याचं स्वतःचं नाव श पासून सुरू होऊन भू वर संपणारं, मधे अनुस्वार. एवढं अवघड नाव आम्ही हौसेनं ठेवलं होतं.

चित्रांच्या वहीला मात्र मी नाही म्हणत होते. चित्रावर बोट ठेवून मागायला लागला की बोलायचा कंटाळा करेल, अशी मला भीती होती. मॅडमनी समजावलं की तसं होत नाही, आजवरच्या अभ्यासांतही तसं दिसलेलं नाही. उलट मुलाचा त्रागा कमी होतो. मग मीच दुकानात बसून ती वही केली. आज्जीचा फोटो, केएमटीची बस, रंकाळा, भडंग, अंथरूण, 'पोटात दुखतंय'. लॅमिनेट करून रिंगमध्ये ओवली. आठवड्याभरात त्यानं त्या वहीतून आज्जीची चहाडी केली: आज्जीचं चित्र, मग चॉकलेटचं चित्र, मग स्वतःकडं बोट. गुपचूप चॉकलेट दिलं होतं तिनं.

चैत्रात जोतिबाला गेलो. गुलालात सगळा डोंगर गुलाबी, सासनकाठ्या नाचतायत, गर्दीतून 'जोतिबाच्या नावानं' आणि मागून हजार गळ्यांतून 'चांगभलं!' आणि माझ्या कडेवरून, कानाजवळ, 'आंगबलं!' मी चमकून बघितलं. परत गजर झाला, परत 'आंगबलं!' ह्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. घरी येऊन आम्ही सगळ्यांसमोर म्हटलं, 'शंभू, म्हण चांगभलं.' ओठ हलले, जबडा हलला, आवाज नाही. आत्या म्हणाल्या, 'देवाची करणी.' मॅडमकडं त्याचं उत्तर होतं. गजरात, गाण्यात शब्द सगळ्यांबरोबर सहज वाहून येतो, मुद्दाम मागितला की आराखडा नव्यानं करावा लागतो आणि तिथं तो अडतो. 'चांदोबा' एकदाच का आला, तेही मला अडीच वर्षांनी कळलं. 'परत म्हण' हे आमच्या घरातलं सगळ्यात वाईट वाक्य होतं. ते आम्ही सोडलं.

घरातली एक गोष्ट इथं सांगितली पाहिजे. 'हे कुणाच्या घराण्यातनं आलं?' हा प्रश्न माझ्याकडं बघून बऱ्याचदा विचारला गेला. मी वाचलं ते असं. लंडनमधल्या एका कुटुंबात तीन पिढ्यांत जवळपास निम्म्या माणसांना ही अडचण होती, आणि 2001 मध्ये त्यामागं फॉक्सपी-टू नावाच्या जनुकातला बिघाड सापडला. पण तसं थेट कारण बऱ्याच मुलांत सापडत नाही. शंभूच्या बाबतीत सापडलेलं नाही. माझ्या गरोदरपणातल्या ग्रहणाचा, मी दुकानात बसून काम केल्याचा, मोबाइलचा ह्याच्याशी संबंध नाही. हे मी मामांना सांगितलं आणि त्यांनी घरात एकदाच आवाज चढवून सगळ्यांना सांगितलं. नंतर कुणी विचारलं नाही.

आता तो सहा वर्षांचा आहे, पहिलीत. बालवाडीच्या वर्षी एका शाळेत त्याला मागच्या बाकावर बसवून ठेवलं होतं, कारण 'त्याला विचारून काय उपयोग'. ती शाळा आम्ही बदलली. आताच्या बाई त्याला उत्तरासाठी वेळ देतात, पोरांनाही थांबायला शिकवलंय. घरचे लोक त्याचं बहुतेक सगळं समजतात, परके अर्धंअधिक. फोनवर अजून कळत नाही. तोंड दिसत नसलं की पंचाईत होते. 'शंभू' हे 'छंबू' झालंय. वाचन-लेखनात अशा मुलांना अडचण येण्याची शक्यता जास्त असते म्हणून मॅडमनी आता तिकडंही लक्ष वळवलंय. थेरपी आठवड्यातून दोनदा आहे. हेलावर काम चाललंय. एकच 'नको' रागानं, लाडानं, कंटाळून म्हणायचं. ह्यात आत्या पारंगत आहेत, त्यांना शिकवावं लागलं नाही.

गेल्या आठवड्यात त्याला घेऊन संध्याकाळी गंगावेशला गेले होते. कट्ट्यावर म्हशी उभ्या, समोर धार काढून पेला हातात देतात. मी पैसे काढायला पर्समध्ये वाकले होते, तोवर तो पुढं जाऊन उभा राहिला. मी वर बघितलं तेव्हा त्याचा आवाज अजून आलेला नव्हता, पण ओठ गोल झालेले होते.

'दूद.'

दूधवाल्याला त्यात काही विशेष वाटलं नाही. त्यानं मान वर न करताच विचारलं, 'मोठा का बारका?'

शंभूनं जरा वेळ घेतला. 'मोता,' म्हणाला.